मौनाचं उद्यापन

आमच्या मालिकेतल्या आजींना मौनव्रत द्यायचं, ही कल्पना माझी. श्रेय लेखकाला मिळालं, त्याबद्दल माझी तक्रार नव्हती. मला फक्त काम निभावायचं होतं.

झालं होतं असं, की आजींची भूमिका करणाऱ्या बाईंना वाक्यं आठवेनाशी झाली होती. सेटवर सगळे त्यांना बाईच म्हणायचे. पंच्याहत्तरी उलटलेली आणि आयुष्य रंगभूमीवर गेलेलं. मालिकेत मी त्यांची मोठी सून होते, शिवाय निम्मे दिवस त्या मालिकेची दिग्दर्शकही. म्हणजे कॅमेऱ्यासमोर मी त्यांच्या पाया पडायची आणि कॅमेऱ्यामागे जाऊन त्यांना सांगायची, "बाई, मान थोडी डावीकडे."

दिग्दर्शक मी ठरवून झाले नाही. कॉलेजात एकांकिका केल्या, मग व्यावसायिक नाटक, मग मालिका. आधी नायिकेची बहीण, मग वहिनी, मग आई. आईच्या भूमिकेत माझा पहिला मुलगा माझ्यापेक्षा जेमतेम चार वर्षांनी लहान होता. चित्रपटांत नर्स, मुख्याध्यापिका आणि एकदा न्यायाधीश, तिन्ही वेळा मिळून दोन पानं संवाद. एका मालिकेचा दिग्दर्शक टायफॉइडने आडवा झाला. कोण कुठून येतं, कुठे बसतं, कुणाचा चहाचा कप कुठल्या हातात होता हे मला पाठ होतं, म्हणून मला खुर्चीत बसवलं. तो बरा होऊन आला तेव्हा खुर्ची माझी झाली होती. पुढे मी एक चित्रपटही केला. लोकांनी चांगला म्हटलं आणि पाहिला नाही.

मला पहिलं नाटक बाईंमुळे मिळालं होतं. निर्मात्याला त्या म्हणाल्या होत्या, "हिला घ्या. रडत नाही, उशीर करत नाही." अजूनही माझी कुणाला ओळख करून द्यायची असेल तर एवढं पुरतं. आई गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी मी सेटवर होते. त्यात शौर्य काही नव्हतं. अर्धा प्रसंग झाला होता, त्याच साडीत उरलेला अर्धा करायचा होता.

बाईंचं विसरणं हळूहळू सुरू झालं. आधी शब्द, मग वाक्य. मालिकेत हे चालून जातं. कॅमेऱ्यामागून सहायक वाक्य सांगतो, नट ते म्हणतो, सहायकाचा आवाज एडिटमध्ये उडवतात. पण मग सांगितलेलं वाक्यही अर्ध्यात सांडायला लागलं. एकदा प्रसंग चालू असताना त्यांनी समोरच्या नटाकडे बोट करून मला विचारलं, "हा माझा मुलगा की जावई?" आमच्या मालिकेत हा प्रश्न कुणालाही पडला असता, म्हणून आम्ही हसलो. दुसऱ्या दिवशी त्यांनी तोच प्रश्न पुन्हा विचारला. तेव्हा कुणी हसलं नाही.

बाईंचं घर मंडईजवळ, शूटिंगचा बंगला कात्रजच्या पुढे. सकाळची गाडी मला घेऊन मग त्यांना घ्यायची. वाटेत एकदा त्या खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "मला काढणार आहात ना?"

"कुणी सांगितलं?"

"कुणी सांगत नाहीये, त्यावरूनच कळलं." थोड्या वेळाने म्हणाल्या, "घरी बसवलंत तर मी दुपारी झोपायला लागेन. दुपारी झोपणाऱ्या माणसाशी कुणी बोलत नाही. जिवंत असली तरी लोक हळू आवाजात बोलतात आजूबाजूला."

"मी बघते," म्हटलं.

वाहिनीने दोन पर्याय दिले होते. भूमिकेत दुसरी नटी आणायची, नाहीतर आजींना नातवाकडे अमेरिकेला पाठवायचं. वाहिनीकडून आमच्या मालिकेवर देखरेख करणारी मुलगी फोनवर म्हणाली, "ताई, आय नो तुम्ही इमोशनली अटॅच्ड आहात."

मी म्हटलं, "अटॅच्ड वगैरे काही नाही. प्रेक्षकांना त्यांचा चेहरा हवाय. संवाद कुणीही म्हणेल. चेहरा ठेवू, संवाद काढून टाकू."

"म्हणजे पॅरालिसिस?"

"मौन."

चातुर्मास तोंडावर होता. आमच्याकडे चातुर्मासात लोक काही ना काही नेम धरतात. कुणी कांदा-लसूण सोडतं, कुणी एकवेळ जेवतं, कुणी मौन पाळतं. आजी देवभोळ्या दाखवलेल्या होत्याच. धाकट्या सुनेने दागिने पळवलेत, हे त्यांना एकटीला कळतं आणि नेमकं त्याच दिवशी त्यांचं मौन सुरू होतं. लेखक सहकारनगरात राहतो आणि घराबाहेर पडत नाही. त्याने फोनवर ऐकून घेतलं आणि म्हणाला, "हे मला सुचायला हवं होतं." मग त्याने ते स्वतःला सुचल्यासारखंच लिहिलं.

ते चार महिने बाईंचं काम पाहण्यासारखं होतं. संवादाचं ओझं उतरल्यावर त्या नुसत्या बघायच्या. मी कॅमेऱ्याशेजारून सांगायची, "बाई, सुनेने दूध उतू घालवलं." त्या बघायच्या. "बाई, ती खोटं बोलतेय." त्या बघायच्या. मालिकेत अशा नुसत्या बघण्याचे क्लोजअप एकदम घेऊन ठेवतात आणि पुढे हवे तिथे जोडतात. बाईंचे घेऊन ठेवलेले क्लोजअप कधी पुरलेच नाहीत, कारण प्रत्येक भागात लोकांना ते हवे होते. त्यांना भूमिका समजत होती. माणसं आठवत नव्हती, तरी भूमिका समजत होती. हे कसं, ते मी डॉक्टरांना विचारलं नाही. चाललं होतं.

मंडईत भाजी घ्यायला गेले की बायका मला अडवायच्या.

"आजी कधी बोलणार हो?"

"कार्तिकात."

"पण दागिने धाकटीने नेलेत, माहितीये ना त्यांना?"

"माहितीये."

"मग बोलू नका म्हणावं, पण लिहून तरी दाखवा! पाटी-पेन्सिल नाही का घरात?"

कोथिंबीर विकणारी म्हणाली, "आमच्या सासूबाईंना सांगा हे व्रत."

यातच आमची चूक होती, आणि ती भाजीवालीलाही दिसत होती. व्रत संपतं. त्याची तिथी ठरलेली असते, ती कॅलेंडरवर छापलेली असते आणि घराघरातल्या बायका ती मोजत असतात. बाईंना बोलता येत नाही हे झाकायला आम्ही मौन आणलं, आणि त्यापायी सगळ्या प्रेक्षकांना त्यांच्या बोलण्याची वाट बघायला लावली. अमेरिकेला पाठवलं असतं तर त्या नुसत्या गेल्या असत्या. आता त्यांना बोलावंच लागणार होतं, तेही मालिकेतलं सगळ्यात मोठं भाषण.

दिवाळीच्या आसपास वाहिनीने जाहिरात सुरू केली. "आजी मौन सोडणार." पडद्यावर बाईंचा चेहरा आणि मागे वीज कडाडते. लेखकाने पान पाठवलं. पूर्ण एक पान आणि एकटीचं. वाहिनीची मुलगी सेटवर आली. माणूस वाईट नव्हती. मला बाजूला घेऊन म्हणाली, "ताई, हा हायपॉइंट आहे. त्यांनी हा सीन निभावला तर मी स्वतः वर भांडते, त्या राहतील. नाही जमलं तर आजी काशीला जातील. रिस्पेक्टफुली."

म्हणजे त्या एका पानावर बाईंचं सगळं अवलंबून होतं.

मी माझ्या पद्धतीने मार्ग काढला. पान फोडून सगळ्या घराच्या तोंडी वाटलं. सून विचारते, मुलगा विचारतो, जावई ओरडतो, आणि आजींनी शेवटी एकदाच "हो" म्हणायचं. ते घेऊन मी बाईंकडे गेले. त्यांनी चष्मा लावून वाचलं.

"चार महिने तोंड शिवून बसले, ते 'हो' म्हणायला?"

"बाई, परिणाम होईल. एकच शब्द."

"एक शब्द म्हणायला कुत्रंसुद्धा चालेल. मूळ पान कुठंय?"

मूळ पान दिलं. त्यांनी ते मोठ्याने वाचलं. वाचताना एकही चूक नव्हती, आवाज अजूनही शेवटच्या रांगेपर्यंत जाणारा. कागद उलटा ठेवून म्हणायला गेल्या आणि तिसऱ्या वाक्यावर थांबल्या. पुन्हा कागद, पुन्हा तिसरं वाक्य.

"मी म्हणणार हे," त्या म्हणाल्या. मला सांगत नव्हत्या.

मग मी गाडी लवकर मागवायला लागले. रोज सकाळी त्यांच्या स्वयंपाकघराच्या टेबलावर आमची तालीम. त्यांना सांभाळणाऱ्या मावशी चहा करायच्या आणि मध्येच म्हणायच्या, "कालच्यापेक्षा बरं झालं हं." बाई म्हणायच्या, "तुम्ही दुधाकडे लक्ष द्या." एखाद्या दिवशी पान शेवटपर्यंत जायचं. दुसऱ्या दिवशी पुन्हा तिसऱ्या वाक्यावर. त्यांना नाही, पण मला ते पान पाठ झालं.

बुधवार पेठेतून मी कानात बसणारं छोटं यंत्रही आणलं. आपण दुरून वाक्य सांगायचं आणि नटाला ते कानात ऐकू येतं. दुकानदाराला विचारलं, "बाहेरून दिसणार नाही ना?"

"दिसायला हवं असेल तर कानातलं घ्या. सोनाराची दुकानं पुढे आहेत."

बाईंनी ते तळहातावर घेऊन पाहिलं. "मी बहिरी नाही, विसरभोळी आहे," म्हणाल्या आणि यंत्र साखरेच्या डब्याशेजारी ठेवून दिलं. बहुधा अजून तिथेच असेल.

प्रसंग दिवाणखान्यात होता. मौनव्रताच्या उद्यापनाला देवाला घंटा देतात, म्हणून सेटच्या सामानात तुळशीबागेतून आणलेली घंटा होती. पितळी, हातात धरायची, चांगली वजनदार. आजी पाटावर बसलेल्या, समोर ताटात घंटा, भोवती सगळं घर उभं. मी सून म्हणून त्यांच्या उजव्या हाताला. मॉनिटरवर सहायक बघत होता, पण 'कट' म्हणायचं ते मीच. वाहिनीची मुलगी जिन्यात उभी होती.

पहिल्या टेकला बाई दोन वाक्यं बोलल्या. सगळं युनिट चार महिन्यांनी कॅमेऱ्यासमोर त्यांचा आवाज ऐकत होतं. लाइटवाल्याने खांद्यावरचा पंचा काढून हातात घेतला. तिसऱ्या वाक्यावर थांबल्या. मी कट म्हटलं. पाणी दिलं. दुसरा टेक, तिसरं वाक्य. सहायकाने मागून वाक्य सांगितलं, त्यांनी हाताने त्याला गप्प केलं. आणखी टेक झाले. किती ते मी मोजलं नाही. टेक मोजायला लागलं की सेटवरच्या सगळ्यांना कळतं.

मग एका टेकला त्या पुन्हा तिथेच थांबल्या आणि त्यांनी माझ्याकडे पाहिलं. नाटकात काम केलेल्या माणसाला ही नजर ओळखू येते. माझं वाक्य गेलंय, असं ती सांगते. अशा वेळी समोरच्याने ते वाक्य प्रश्न करून विचारायचं असतं, म्हणजे गाडी पुढे सरकते. मी तोंड उघडलं. बाईंनी अगदी थोडी मान हलवली. नको.

त्यांनी ताटातली घंटा उचलली. एकदा वाजवली. घंटा माझ्या हातात दिली आणि म्हणाल्या, "चार महिने मी बोलले नाही, तरी घर चाललं. आता तू बोल."

हे पानावर नव्हतं.

मी कट म्हणायला हवं होतं. पण ट्रॉलीवरचा कॅमेरा माझ्याकडे वळत होता, चेहऱ्यावर उजेड बरोबर पडला होता, आणि ते पान मला पाठ होतं. मी ते म्हटलं. 'मी पाहिलं' होतं तिथे 'आईंनी पाहिलं' केलं, 'माझ्या सुनेने' होतं तिथे 'माझ्या जावेने'. बाकी शब्दाला शब्द. शेवटी डोळ्यांतून पाणी आलं. ते यायलाच हवं होतं, शॉट होता. मग मीच कट म्हटलं.

टाळ्या झाल्या. मेकअप करणारी रडत होती. वाहिनीची मुलगी जिन्यातून उतरून आली आणि मला मिठी मारून म्हणाली, "ताई, गूजबंप्स! पॉवर ट्रान्स्फर! लेखकाने हे मला सांगितलंच नाही!" लेखकाला फोन गेला. तो म्हणाला, "हो, ते तसंच डोक्यात होतं."

बाई पाटावरच बसून होत्या. मी उठायला हात दिला.

"जमलं का?" त्यांनी विचारलं.

"जमलं."

"पान पूर्ण झालं?"

"झालं."

"मग बरंय."

तो भाग गाजला. आणि जे गाजलं त्याचा अर्थ वाहिनीने सरळ लावला. घराची सूत्रं सुनेकडे गेली, आता मालिका सुनेची. घंटा देऊन झाल्यावर आजींना घरात काम उरलं नव्हतं. वाहिनीची मुलगी खरंच वर भांडली, हे मला दुसरीकडून कळलं. तरी पंधरवड्यात आजी काशीला निघाल्या. त्यांना काशीला पाठवू नका असं मी म्हटलं, आणि मग शूटिंगचा दिवस मीच लावला. ती तारीख दुसऱ्या दिग्दर्शकाला गेली असती तर त्याने बाईंना उन्हात उभं ठेवलं असतं.

निरोपाचा प्रसंग बिनसंवादाचा ठेवला. भाड्याची जीप, घरातले सगळे दारात. बाईंनी वळून पाहायचं आणि बसायचं. "बाई, बसताना पाठ थोडी इकडे वळवा, चेहरा जातोय." त्यांनी वळवली. एका टेकमध्ये झालं. जीप फाटकाबाहेर जाऊन उलटी आत आली, तेव्हा बाई आत बसून मावशींनी दिलेला लाडू खात होत्या.

त्यानंतर सकाळची गाडी मंडईकडे वळत नाही. पहिल्या दिवशी ड्रायव्हरने विचारलं, "मॅडम, सरळ घेऊ?" सरळ घे म्हटलं. कात्रजला आम्ही आता लवकर पोचतो.

शूटिंग नसलं की मी बाईंकडे जाते. पहिल्यांदा गेले तेव्हा त्यांना सगळं स्वच्छ आठवत होतं. म्हणाल्या, "उद्यापन कुठं झालं? घंटा देवळात द्यायची असते. तुम्ही ती कपाटात टाकली असणार." टाकलीच होती. मी ती सामानवाल्याकडून मागून आणली आणि आम्ही दोघी त्यांच्या घराजवळच्या लहान देवळात गेलो. तिथे खुर्चीवर एक विश्वस्त पेपर वाचत बसले होते.

"घंटा द्यायची होती," मी म्हटलं.

त्यांनी वर बोट केलं. "आहे आमच्याकडे."

"व्रताची आहे हो. मौनाच्या उद्यापनाची."

"मौन कुणी केलं?"

"यांनी. मालिकेत."

त्यांनी चष्म्यावरून बाईंकडे पाहिलं, ओळखलं, आणि पेपरचं पान उलटलं. "मग मालिकेतल्या देवाला द्या."

बाई मोठ्याने हसल्या. परतताना रस्ताभर हसत होत्या. "माणूस बरोबर बोलला," म्हणाल्या. घंटा घरी आली. आता मावशींना बोलवायला वाजवतात. मावशी म्हणतात, शेजारच्यांना वाटतं इथे दिवसभर आरती चालते.

पुढच्या वेळी गेले तेव्हा बाई खुर्चीत केस विंचरून बसल्या होत्या, पर्स मांडीवर. "उद्या गाडी किती वाजता?" त्यांनी विचारलं.

मी खरं तेच सांगितलं. "बाई, आजी काशीला गेल्या."

"कुणी पाठवलं?"

"वाहिनीने."

"डिरेक्ट कुणी केलं?"

"मी."

त्यांनी पर्सची चेन उघडली, लावली. चेहरा उतरला. मग खिडकीतून खाली पाहिलं, माझ्याकडे वळल्या आणि विचारलं, "उद्या गाडी किती वाजता?" मी पुन्हा सांगितलं. त्यांनी पुन्हा विचारलं, कुणी पाठवलं. चेहरा तोच झाला, पहिल्यांदा झाला होता तसाच. तो क्लोजअप मी कुठेही वापरला असता. मी पर्स त्यांच्या हातातून घेऊन कपाटात ठेवली आणि घरी आले. दुसऱ्या दिवशी माझे सात प्रसंग होते, ते सातही वेळेत काढले.

आता मी वेगळं सांगते. परवाच गेले होते. बाहेर रस्त्यावर कुणाचीतरी गाडी अडकली होती आणि हॉर्न चालू होते. बाईंनी घंटा वाजवली, मावशींनी चहा आणला. दोन घोट झाल्यावर बाईंनी विचारलं, "उद्या गाडी किती वाजता?"

"उद्या तुम्हाला सुट्टी आहे बाई. तुमचं मौन चालू आहे अजून."

"असं होय." त्यांनी बशी खाली ठेवली. चेहरा निवळला. "कार्तिकाला वेळ आहे का?"

"आहे बराच."

"मग बोलायचं पान आलं नसेल."

"नाही, यायचंय."

"लेखकाला सांग लवकर पाठव म्हणावं. पाठ व्हायला मला हल्ली वेळ लागतो."

सांगते, म्हटलं.